आभाळ मोकळं हवं: कोल्हापूरहून नॉर्दर्न लाइट्स बघायला जाताना

नॉर्दर्न लाइट्सची, म्हणजे उत्तर ध्रुवाकडच्या आकाशात रात्री दिसणाऱ्या रंगीत प्रकाशाची (ऑरोराची) सहल ठरली की लोकांची पहिली चौकशी असते ती केपी, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्रातली खळबळ सांगणारा आकडा, किती लागतो याची. मोबाइलवरच्या ॲपमध्ये 0 ते 9 असा हा आकडा दिसतो आणि पाचच्या वर गेल्याशिवाय काही दिसणार नाही अशी समजूत होते. इंग्लंड-जर्मनीत बसून वाट बघणाऱ्यांसाठी ते बरोबर आहे. नॉर्वेतलं ट्रॉम्सो मात्र 69.6 अंश उत्तर अक्षांशावर आहे. चुंबकीय ध्रुवाभोवती ऑरोराचं जे कडं कायम असतं, त्याच्या जवळजवळ खालीच. तिथं केपी 1 किंवा 2 असतानाही आकाश हिरवं होतं. घात करतात ते ढग. ऑरोरा साधारण 100 किलोमीटरच्या वर पेटतो आणि ढग असतात त्याच्या कितीतरी खाली, त्यामुळं वर काहीही चाललं असलं तरी खाली उभ्या माणसाला करडं छत दिसतं. गाव, तारीख, मुक्काम, गाडी, गाईड हे सगळं ढगांच्या हिशेबानं ठरवायचं, केपीच्या नाही.

हा हिशेब कोल्हापूरकरांना समजायला सोपा आहे. गगनबावड्यात पाऊस कोसळत असताना शिरोळला ऊन असतं, तेच उत्तर नॉर्वेत होतं. समुद्रावरून येणारे ढग किनाऱ्याच्या डोंगरांवर रिकामे होतात आणि आतला भाग कोरडा राहतो. ट्रॉम्सो स्वतः किनाऱ्यावरचं बेट आहे, त्यामुळं शहरात आभाळ भरलेलं असणं नेहमीचंच. पण तिथून रस्ते निघतात. ई-8 महामार्गानं शिबोतनपर्यंत आणि पुढं फिनलंडच्या हद्दीतल्या किल्पिसयार्वीपर्यंत साधारण 160 किलोमीटर, म्हणजे कोल्हापूर-साताऱ्याहून थोडं जास्त. बर्फाच्या रस्त्यानं याला अडीच तास धरा. कधी उलटं होतं, आत ढग आणि पश्चिमेला क्वालोया बेटावर मोकळं. ट्रॉम्सोचा खरा फायदा हाच, की ढगांपासून पळायला एकाहून जास्त दिशा आहेत. स्वीडनमधलं आबिस्को पर्जन्यछायेतच वसलंय, एका जागी बसून वाट बघायची असेल तर ते ट्रॉम्सोपेक्षा सरस; फक्त तिथं पोहोचायला वेळ जास्त लागतो. फिनलंडचं रोव्हानिएमी लहान मुलं बरोबर असतील तर सोयीचं. मात्र ते आर्क्टिक वृत्तावर, म्हणजे ऑरोराच्या कड्याच्या बरंच दक्षिणेला आहे.

तारखांबाबत आमचं मत ठाम आहे: फेब्रुवारीचा दुसरा पंधरवडा ते मार्चअखेर. डिसेंबरचं आकर्षण समजू शकतो. ट्रॉम्सोत 27 नोव्हेंबरच्या सुमारास सूर्य मावळतो तो 15 जानेवारीच्या आसपास उगवतो, आणि त्या काळात दुपारी दोन-तीन तास जो निळा संधिप्रकाश असतो तो बघण्यासारखाच आहे. पण त्या दिवसांत ढग, पाऊस आणि ओला बर्फ यांचाच धुमाकूळ जास्त. मार्चमध्ये हवा तुलनेनं कोरडी, जमिनीवर बर्फ भरपूर, दिवसा फिरायला ऊन, आणि विषुवदिनाच्या आगेमागे पृथ्वीच्या व सूर्याच्या चुंबकीय क्षेत्रांची मांडणी ऑरोराला अनुकूल असते. सूर्याच्या सुमारे अकरा वर्षांच्या चालू चक्राचा कळस 2024 मध्ये येऊन गेला म्हणून उशीर झाला असं समजू नका. कळसानंतरच्या वर्षांत सूर्यावरच्या विवरांतून विद्युतभारित कणांचे वेगवान वारे नेमानं वाहतात, आणि ऑरोरा पेटतो तो या वाऱ्यांमुळंच. सूर्याचा एक फेरा पृथ्वीवरून पाहता सुमारे 27 दिवसांचा, त्यामुळं तेच विवर महिन्याभरानं पुन्हा समोर येतं.

चंद्राचा विचार फार करू नये. पौर्णिमेला फिकट ऑरोरा धुऊन जातो हे खरं, पण बर्फाचे डोंगर उजळून निघतात आणि फोटो छान येतात. मुक्काम मात्र चार रात्रींपेक्षा कमी नको. एकदा कमी दाबाचा पट्टा आला की दोन-तीन दिवस हलत नाही, त्यामुळं दोन रात्रींची सहल म्हणजे निव्वळ जुगार.

कागदपत्रांकडे वळू. शेंगेन, म्हणजे युरोपातल्या बहुतेक देशांना मिळून चालणारा एकच व्हिसा, ज्या देशात जास्त रात्री राहणार त्या देशाचा काढायचा. नॉर्वेसाठी आधी ऑनलाइन अर्ज भरायचा, शुल्क कार्डनं तिथंच भरायचं, मग व्हिसाचे अर्ज स्वीकारणाऱ्या व्हीएफएस कंपनीच्या मुंबईच्या केंद्राची वेळ घेऊन कागद आणि बोटांचे ठसे द्यायचे. प्रौढांना 90 युरो, 6 ते 12 वर्षांच्या मुलांना 45. केंद्राचं सेवाशुल्क वेगळं. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो, 15 दिवस आधी दार बंद होतं. फेब्रुवारीत जायचं असेल तर नोव्हेंबरमध्ये अर्ज जायला हवा, कारण निर्णयाला 15 दिवसांची मुदत असली तरी ती 45 पर्यंत वाढू शकते. पासपोर्ट गेल्या दहा वर्षांतला, परतीनंतर किमान तीन महिने चालणारा आणि दोन पानं कोरी असलेला लागतो. विमा किमान 30,000 युरोचा.

आपल्याकडच्या अर्जांची गाडी अडते ती बँक स्टेटमेंटवर. तीन महिन्यांच्या व्यवहारात एकदम मोठी रक्कम जमा दिसली की ती फक्त व्हिसासाठी उसनी आणली असा संशय येतो. उसाचं बिल नेमकं याच हंगामात खात्यावर येतं. तसं असेल तर कारखान्याची बिलाची पावती, सातबारा आणि दोन्हींचं इंग्रजी भाषांतर जोडा, आणि सोबतच्या पत्रात दोन ओळींत खुलासा करा. शेतीचं उत्पन्न करमुक्त असल्यानं आयकर विवरणपत्र कोरडं दिसतं, त्याचाही खुलासा याच पत्रात. गुजरीतल्या किंवा उद्यमनगरातल्या व्यावसायिकांनी जीएसटी नोंदणी आणि व्यवसायाच्या खात्याचं स्टेटमेंट वैयक्तिक खात्यापासून वेगळं ठेवावं, एकात एक मिसळू नये.

मुंबईहून ऑस्लोला दोहा, दुबई, इस्तंबूल किंवा युरोपातल्या एखाद्या शहरात विमान बदलून जावं लागतं. ऑस्लो ते ट्रॉम्सो पुढं पावणेदोन-दोन तास. तिकीट शक्यतो एकाच पीएनआरवर मुंबई ते ट्रॉम्सो असं काढा. नॉर्वे शेंगेनमध्ये आहे पण युरोपियन युनियनमध्ये नाही. त्यामुळं बॅगेला ट्रॉम्सोपर्यंतचा टॅग लागला असला तरी ऑस्लोला ती पट्ट्यावरून उचलून कस्टम्समधून पुन्हा द्यावी लागते का, हे चेक-इन काउंटरवरच विचारून घ्या. मधे किमान अडीच तास ठेवा.

खाण्याचं सामान नेताना एक नियम पक्का. युरोपबाहेरून मांसाचे आणि दुधाचे पदार्थ नॉर्वेत आणता येत नाहीत. पेढे, खवा, साजूक तूप, सुकं मटण घरीच राहू द्या. कांदा-लसूण मसाला, शेंगदाण्याची चटणी, मेतकूट, भडंग, चपात्या यांना अडचण नाही. भडंगाची पिशवी रात्रीच्या गाडीत सगळ्यात आधी संपते, जरा जास्तच घ्या. ट्रॉम्सोतली मोठी किराणा दुकानं बहुतेक रविवारी बंद असतात, म्हणून शनिवारी दूध, ब्रेड, फळं आणून ठेवायची. नळाचं पाणी पिण्याचंच आहे, बाटल्या विकत घेणं म्हणजे पैसे वाया घालवणं. युरोच्या नोटाही नकोत. चलन क्रोन आहे आणि कार्ड सगळीकडे चालतं. फॉरेक्स कार्ड घेताना त्यात नॉर्वेजियन क्रोन आहे का एवढं बघा, नाहीतर दोनदा चलनबदल होऊन दोनदा वजावट होते.

आता कपडे. कोल्हापुरात थंडी कडक पडली असं आपण म्हणतो तेव्हा पारा बारा-चौदावर असतो. ट्रॉम्सो शहरात उष्ण सागरी प्रवाहामुळं उणे पाचच्या आसपास, आणि ढगांपासून पळून आत गेलं की उणे 20, कधी त्याखाली. त्या थंडीत चार तास जवळजवळ न हलता उभं राहायचंय. अंगाला लागून असलेला थर मेरिनो लोकरीचा हवा, साधारण 200 जीएसएमचा (म्हणजे चौरस मीटरला 200 ग्रॅम), शर्ट आणि पायजमा दोन्ही. सुती बनियन आणि जीन्स बाद. सुती कापड घाम धरून ठेवतं आणि ओलं कापड अंगातली ऊब ओढून नेतं. मधला थर जाड फ्लीस किंवा लोकरीचा, पायांनासुद्धा. सगळ्यात बाहेरचा एकसंध थर्मल सूट आणि बूट बहुतेक गाईड स्वतः देतात, त्यामुळं भलंमोठं जॅकेट विकत घ्यायची गरज नसते. बुकिंग करताना आपली उंची आणि बुटाचं माप कळवा.

पाय गार पडण्याचं कारण बहुतेक वेळा बूट घट्ट असणं हे असतं. तीन मोजे चढवून पाय बुटात कोंबला की रक्त खेळत नाही आणि मोज्यांच्या आत हवेचा थरही उरत नाही. एक पातळ आणि एक जाड लोकरीचा मोजा, आणि आत बोटं मोकळी हलतील असा एक नंबर मोठा बूट. दुसरं कारण जमीन. बर्फावर एकाच जागी उभं राहिलं की तळव्यातून ऊब निघून जाते, म्हणून फोमच्या चटईचा फूटभर तुकडा पायाखाली टाका. गरम राहणाऱ्या पुड्यांत लोखंडाची भुकटी असते, ती हवेतल्या ऑक्सिजनशी संयोग पावून तापते. पुडी घट्ट बुटात दाबून ठेवली की हवा मिळत नाही आणि ती थंड पडते. हातमोज्यात ठेवायची असेल तर आधी दहा मिनिटं बाहेर हलवून तापू द्या. हातमोजे दोन जोड: बोटांचे पातळ आणि त्यावर चारही बोटं एकाच पिशवीत झाकणारे जाड.

शहरातल्या फुटपाथवर बर्फ वितळून पुन्हा गोठतो आणि काच तयार होते. ट्रॉम्सोतल्या दुकानांत बुटाला लावायच्या खिळ्यांच्या रबरी पट्ट्या मिळतात, पहिल्याच दिवशी घ्या. साठीच्या पुढच्या माणसांना तर त्याशिवाय बाहेर पडू देऊ नये. ऑरोराच्या नादात हात मोडून घरी येण्यात काही अर्थ नाही.

गाईड निवडताना दोन प्रकार दिसतील. 50 जणांची मोठी बस स्वस्त असते, ठरलेल्या ठिकाणी जाते आणि वेळेत परत येते. आठ ते पंधरा जणांची मिनीबस महाग, साधारण 1,200 क्रोनच्या पुढं, पण ढग बघून दिशा बदलते. पैसे वाचवायचे असतील तर हॉटेलवर वाचवा, इथं नको. बुकिंगआधी विचारायचे प्रश्न: गरज पडली तर फिनलंडपर्यंत जाता का, निघायचं की नाही हे किती वाजता ठरतं, रद्द झाल्यास पैसे परत की दुसरी रात्र, गाडीला प्रवासी वाहतुकीचा परवाना आहे का. काही दिसलं नाही तर पैसे परत, असं सहसा कोणी देत नाही. चार रात्रींपैकी पोहोचल्याच्या दिवशी काही ठेवू नका, बॅग किंवा विमान चुकलेलं असू शकतं. दुसऱ्या रात्रीची मिनीबस आधी बुक करा. तिसरी-चौथी रात्र मोकळी ठेवून अंदाज बघून ठरवा. फेब्रुवारीत जागा लवकर भरतात, म्हणून मोफत रद्द करता येईल असं बुकिंग मिळत असेल तर तेही घेऊन ठेवा. शाकाहारी असाल तर आधी कळवा, नाहीतर शेकोटीवरच्या सुपात मासे निघतात.

प्रत्यक्ष रात्र अशी जाते. दुपारी गाईड नॉर्वेच्या हवामान संस्थेच्या यर या सेवेवर ढगांचे थर बघतो: खालचे, मधले, वरचे. वरचे पातळ ढग असले तरी ठळक ऑरोरा त्यातून दिसतो, खालचे असले की संपलं. संध्याकाळी सहाच्या सुमारास शहरातून गाडी निघते. पासपोर्ट अंगावर हवा, कारण गाडी सीमा ओलांडू शकते. फिनलंडमध्ये शिरलं की मोबाइलचं घड्याळ आपोआप एक तास पुढं जातं आणि दहा मिनिटांत परत या असं सांगितलेला माणूस गोंधळतो. थर्मल सूट गाडीत बसल्या बसल्या चढवू नका. हीटर चालू असतो, घाम येतो, आणि तो घाम नंतर उणे वीसमध्ये गोठायला लागतो. थांबल्यावर दारातच चढवा. स्वच्छतागृह वाटेतल्या पेट्रोल पंपावर, पुढं बहुधा नाही. रस्ता फ्योर्डच्या, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या अरुंद खाडीच्या, कडेकडेनं वळत जातो, ज्यांना घाटात मळमळतं त्यांनी गोळी आधी घ्यावी.

ऑरोरा बघायच्या जागी उतरल्यावर मोबाइलचा उजेड बंद. अंधाराला डोळे सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात आणि एका सेल्फीच्या फ्लॅशनं सगळ्यांचीच ती मेहनत फुकट जाते. डोक्यावरची विजेरी लाल उजेडाची असावी.

सुरुवातीला उत्तरेकडे क्षितिजाजवळ पूर्व-पश्चिम पसरलेला फिकट पट्टा दिसतो. तो हिरवा दिसेल अशी अपेक्षा करू नका. मंद उजेडात आपल्या डोळ्यांना रंग कळत नाही, पट्टा राखाडी ढगासारखा वाटतो. ढग की ऑरोरा हे ओळखायचं तर मोबाइलनं तीन सेकंदांचा फोटो काढा. हिरवा आला तर ऑरोरा. त्यातून तारे दिसतात ही दुसरी खूण. हा शांत पट्टा तास-तासभर तसाच राहतो आणि निम्मे लोक इथंच कंटाळून गाडीत जाऊन बसतात. तेच चुकतं. पट्टा जाड होऊन दक्षिणेकडे सरकायला लागला, खालची कड तेज झाली, की काही मिनिटांत तो फुटतो: पडदे डोक्यावर येतात, वळतात, धावतात, आणि रंग नुसत्या डोळ्यांनाही दिसतात. हा प्रकार दहा ते तीस मिनिटं चालतो. मग पुन्हा शांतता, आणि मध्यरात्रीनंतर बहुधा मिटमिटणारे ठिपके. रात्री साधारण नऊ ते बारा हा वेळ सगळ्यात हाताशी लागणारा.

हिरवा रंग ऑक्सिजनचा, 557.7 नॅनोमीटरचा, शंभर ते दीडशे किलोमीटरवरचा. त्याच ऑक्सिजनचा लाल रंग 200 किलोमीटरच्या वर दिसतो, कारण लाल प्रकाश सोडायला उत्तेजित अणूला सुमारे दोन मिनिटं लागतात आणि खालच्या दाट हवेत तेवढ्यात दुसरा अणू येऊन धडकतो. खालच्या कडेची गुलाबी झालर नायट्रोजनची. मे 2024 च्या मोठ्या सौरवादळात लडाखमधल्या हानले इथून दिसली ती लालीही ऑक्सिजनचीच.

गाडीत बसून आकडे बघायचेच असतील तर केपीऐवजी बीझेड बघा. केपी तीन-तीन तासांसाठी काढलेला आकडा असतो, समोर काय चाललंय ते सांगत नाही. पृथ्वीपासून 15 लाख किलोमीटरवर, आपलं आदित्य-एल1 जिथं आहे त्याच परिसरातले उपग्रह सौरवाऱ्याच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा मोजतात. त्या क्षेत्राचा उत्तर-दक्षिण भाग म्हणजे बीझेड. तो उणे, म्हणजे दक्षिणेकडे झाला आणि तसाच टिकला की दार उघडलं समजा. वाऱ्याचा वेग सेकंदाला 500 किलोमीटर असेल तर तो आपल्यापर्यंत यायला 50 मिनिटं लागतात. सूप पिऊन तयार व्हायला तेवढा वेळ पुरतो.

कॅमेऱ्याचा सराव इथंच करून जायचा. अमावास्येच्या आगेमागे मसाई पठारावर किंवा दाजीपूरच्या बाजूला ट्रायपॉड लावा, हातमोजे घाला आणि ताऱ्यावर हातानं फोकस करून बघा. अंधारात ऑटोफोकस काम करत नाही. 14 ते 24 मिलिमीटरची लेन्स, एफ 2.8, आयएसओ 1600, पाच सेकंद इथून सुरुवात करा. शांत पट्ट्याला आठ-दहा सेकंद, पडदे धावायला लागले की एक-दोन सेकंद आणि आयएसओ 3200. शटर जास्त वेळ उघडं ठेवलं की पडद्यांच्या घड्या पुसल्या जातात आणि नुसता हिरवा चिखल उरतो. लेन्सवरचा यूव्ही फिल्टर काढून टाका. ऑरोराचा हिरवा प्रकाश एकाच तरंगलांबीचा असल्यानं फिल्टरच्या दोन पृष्ठभागांत परावर्तन होऊन फोटोच्या मध्यभागी वर्तुळं उमटतात. ट्रायपॉडवर स्टॅबिलायझेशन बंद, फाइल रॉ. फोटो पुरेसा उजळ आहे का हे स्क्रीनवर ठरवू नका, काळोखात ती खोटं बोलते, हिस्टोग्राम (कॅमेऱ्यातला उजेडाचा आलेख) बघा.

थंडीत बॅटरी निम्म्यात उतरते. दोन जास्तीच्या घ्या आणि आतल्या खिशात अंगाशी ठेवा. मोबाइलही तसाच. लेन्सवर श्वास सोडला तर तिथंच दंव गोठतं. गाडीत परत शिरण्याआधी कॅमेरा झिपच्या पिशवीत हवा काढून बंद करा आणि हॉटेलवरही दोन तास उघडू नका, नाहीतर गरम हवेतली वाफ थेट आतल्या काचांवर बसते. मेमरी कार्ड मात्र बाहेरच काढून घ्या, म्हणजे पिशवी उघडायचा मोह होत नाही.

मधुमेह असणाऱ्यांनी इन्सुलिन अंगाशी ठेवायचं, गोठलेलं वापरता येत नाही. ग्लुकोमीटरही कडाक्याच्या थंडीत चुकीचं दाखवतो किंवा चालतच नाही, साखर गाडीत तपासा. दम्याच्या माणसांनी नाकातोंडावर लोकरीचा गळपट्टा ठेवावा. ओला झाला की बदलायला दुसरा हवा.

परतीचं विमान पहाटेचं घेऊ नका. रात्रीची गाडी दीड-दोनला सोडते आणि बर्फवृष्टीत ट्रॉम्सोची उड्डाणं उशिरा निघतात. मुंबईला उतरल्यावर त्याच रात्रीच्या महालक्ष्मीचं आरक्षण सुटायची शक्यता असते, म्हणून दुसऱ्या दिवशीचं करा.